तोंडाची आगलावी

बेचाळीसच्या धामधुमीनंतर, लढाई अजून चालू असताना, होळीच्या आधीच्या आठवड्यात आमच्या गावची खळवाडी भर दुपारी जळाली. गाव सुलतानपूर आणि लोणार यांच्या मधल्या शिवारात आहे. कडब्याच्या बहुतेक गंज्या आणि कुटाराचे, म्हणजे भुशाचे, सगळे ढीग गेले. माणूस दगावले नाही. खुंट्याला बांधलेली एक म्हैस भाजली आणि नंतर मेली. दिवस मावळायच्या आत पोलीस पाटलाच्या कानावर एका बाईचे नाव गेले होते. ती माझी आत्या.

आत्या माझ्या वडिलांची थोरली बहीण. नवरा लवकर वारला, सासरच्यांनी ठेवून घेतले नाही, तेव्हापासून ती भावाच्या घरी होती. गावात तिला नावाने कोणी हाक मारीत नसे. तिला आगलावी म्हणत, आणि ती त्या हाकेला ओ देत असे.

आग आणि लावणे, एवढाच हा शब्द. पण आमच्या भागात तो अनेक ठिकाणी कामाला येई. ताटातली मिरची आगलावी असे. चैत्रातले ऊन आगलावे. दिव्याशी खेळणाऱ्या पोराला आई ‘आगलाव्या’ म्हणून धपाटा घाली. इकडचे तिकडे सांगून दोन घरांत भांडण पेटवणारा तोही आगलाव्या, आणि बाई असली तर आगलावी. हा अर्थ सर्वांत जास्त चालणारा. अकोल्यात मी एका साप्ताहिकाच्या छापखान्यात कामाला होतो. तिथे आगलावे भाषण म्हणजे सरकारला न रुचणारे भाषण. ते करणारा तुरुंगात जाई आणि सुटून आला की लोक त्याला हार घालीत. ज्याने खरोखर कोणाचे घर पेटवले आहे, अशा माणसाला आगलाव्या म्हटलेले मी त्या होळीपर्यंत ऐकले नव्हते. असे कोणी आमच्याकडे फारसे करीतच नसे.

आत्याला हा शब्द दोन कारणांनी चिकटला होता. पहिले कारण मानाचे होते. लग्नात किंवा तेरवीला गावजेवण असले की जमिनीत लांब चर खोदून चुली करीत. खाली पऱ्हाट्या, वर तुराट्या, मग गवऱ्या आणि शेवटी बाभळीचे ओंडके, ही रचना आत्या करी. तिने फुंकणी लावली की जाळ एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला सरळ जाई, धूर होत नसे. ज्यांच्या घरी कार्य असे तिथल्या बाया सकाळीच म्हणत, “आगलावीले बोलवा व पहिले, ते आल्याबिगर चूल धरत नाही.” विधवेला लग्नघरात बाकी कुठे बोलावणे नसे. या एका कामाला असे.

दुसरे कारण तिचे तोंड. लढाईमुळे आगपेटी मिळेनाशी झाली होती. मिळाली तर जपून ठेवीत. घरोघर चुलीतला विस्तव, आमच्याकडे त्याला इस्तो म्हणतात, राखेखाली दाबून ठेवत, आणि ज्याचा विझेल तो खापर घेऊन शेजारी जाई. आत्याला शेजारी जायला इस्तो विझायची गरज लागत नसे. ती खापर घेऊन निघे, दोन घरी बसे, आणि येताना निखारे आणि बातमी दोन्ही आणी.

“इस्तो आनाले गेल्त्या का बातमी आनाले?” आई विचारी.

“दोन्ही गरमच हायेत न व,” आत्या म्हणे. “तू चूल सरकव.”

त्या माघात तिने एक बातमी इकडची तिकडे केली. शेजारच्या घरची नवी सून ताक घुसळताना लोणी बोटाने चाटते, असे ती समोरच्या घरी बोलली. समोरच्या घरातून ते पाणवठ्यावर गेले आणि पाणवठ्यावरून त्या सुनेच्या सासूकडे. सासू आमच्या ओट्यासमोर येऊन उभी राहिली.

“काऊन ओ बाई, माही सून लोणी चाटते हे तुमाले कोन्या भिताडाच्या भोकातून दिसलं?”

“भोक कायले पाहिजे? तिच्या वठावर होतं.”

“तुमच्या डोयात मोतीबिंदू, अन् तुमाले लोणी दिसते!”

“मोतीबिंदूबी पांढराच असते. पन लोणी चमकते न, माय.”

ओट्यावर बसलेले लोक हसले. सासू हसली नाही. “आजपासून माह्या चुलीतला इस्तो तुमाले बंद,” ती म्हणाली. समोरचे घर तिच्याच भावकीतले. त्यांनीही बंद केला. इस्तो मागायला जावे असे जवळ तिसरे घर नव्हते. तेव्हापासून इस्तो हवा असला की आत्या गावाच्या टोकाला लोहाराकडे जाई. लोहाराची भट्टी दिवसभर पेटलेली असे आणि त्याला कोणाच्या सुनेशी देणेघेणे नव्हते. लोहाराकडून घरी यायचा रस्ता खळवाडीच्या कडेने होता.

आगीच्या दिवशी मी होळीच्या सुट्टीसाठी घरी आलो होतो. आई आणि वडील शेतात होते. दुपारी चूल विझली. आत्याने खापर घेतले, “लोहाराकडून येतो,” म्हणाली आणि गेली. परत आली, चूल पेटवली, तुरीची डाळ चढवली. डाळ शिजत आली तेव्हा बाहेर आरडाओरडा ऐकू आला. एवढे मी स्वतः पाहिले. आगीबद्दलचे बाकीचे ऐकलेले आहे, आणि ज्याने सांगितले त्याचा उल्लेख केला आहे.

वारा पश्चिमेचा होता. खळवाडी रस्त्याच्या पूर्वेला. एका म्हाताऱ्या गुराख्याने आत्याला खापर घेऊन परतताना पाहिले. खापरावर राख होती का, हे त्याला सांगता आले नाही. ठिणगी उडालेली कोणी पाहिली नाही. बिडी ओढणारे तीन गडी त्या दुपारी गंज्यांच्या सावलीत बसले होते. त्यांनी आपण विझवूनच टाकली असे सांगितले. जळालेल्या गंज्यांत एक आमचीही होती.

दोन दिवसांनी मेहकरहून जमादार आला. तो जबलपूरकडचा, त्याला मराठी थोडेफार समजे, बोलता येत नसे. आदल्या वर्षी प्रांतात ठाणी जळाली होती, त्यामुळे आग म्हटली की पोलिसांना आधी राजकारण आठवे. चावडीत बसून त्याने पहिला प्रश्न विचारला तो हा: “बुढिया किस पार्टी की है?”

“चुलीच्या पार्टीची,” कोणीतरी मागून म्हणाले.

मग त्याने एकेकाला बोलावले. पाच जणांनी आत्याचे नाव घेतले आणि पाचही जणांनी तिच्यासाठी तोच शब्द वापरला. माझ्या अंदाजाने त्यांतल्या तिघांना तिचे तोंड म्हणायचे होते. दोघांची गंजी गेली होती. त्यांना काय म्हणायचे होते हे त्यांनाही त्या वेळी सांगता आले नसते.

शेवटी वडील गेले. मी त्यांच्या शेजारी उभा होतो. बहिणीला सोडवायला म्हणून ते बोलले.

“साहेब, आमची बाई आगलावी हाये हे साऱ्या गावाले मालूम हाये. म्या नाही कायले म्हनू? लहानपणापासून हाये. पन ते तोंडाची आगलावी हाये, हाताची नाही. ह्याचं त्याले सांगते, भांडन लावते, अन् मंग दोघायलेबी भाकर नेऊन देते. तिच्या हातची आग चुलीबाहेर कधी गेली नाही.”

जमादाराने मान हलवली आणि लिहिणाऱ्या शिपायाकडे वळून म्हणाला, “लिखो. भाई खुद कहता है, बचपन से आग लगाती है.” शिपाई मराठी होता. त्याने वर पाहिले, वडिलांकडे पाहिले आणि लिहिले. त्याने काय लिहिले हे त्या दिवशी आम्हाला कळले नाही. आत्याला दमणीत बसवून मेहकरला नेले. जामीन होईपर्यंत होळी होऊन गेली होती.

चौकशी मेहकरच्या कोर्टात चालली. मॅजिस्ट्रेटही प्रांताच्या हिंदी भागातला होता. सभ्य माणूस. आत्याला उभे राहवेना तेव्हा त्याने तिला बसायला सांगितले. आमचा वकील तरुण होता आणि त्याने मेहनत घेतली. गुराख्याच्या तोंडून त्याने ठिणगी पाहिली नाही हे काढून घेतले. गंजी पेटवायची असती तर स्वतःच्या भावाची का पेटवली असती, असा प्रश्न विचारला. माझी साक्ष झाली. डाळ शिजत आली होती, असे मी सांगितले. सरकारी वकिलाने विचारले, कुटारात पडलेला निखारा डाळ शिजेपर्यंत धुमसत राहू शकतो की नाही? राहू शकतो, असे मला सांगावे लागले, कारण राहू शकतो.

वडिलांची साक्ष सुरू झाली तेव्हा पोलिसांपुढचा जबाब त्यांना वाचून दाखवण्यात आला. ‘माझी बहीण लहानपणापासून आग लावणारी आहे.’ त्यात तोंड नव्हते आणि हातही नव्हता.

“म्या असं म्हन्लं नाही,” वडील म्हणाले.

“आगलावी हा शब्द म्हणालात?” सरकारी वकिलाने विचारले.

“हाव, म्हन्लो. पन—”

“आगलावी म्हणजे आग लावणारी. बरोबर?”

वडिलांनी आमच्या वकिलाकडे पाहिले. शब्दाची फोड केली तर ते बरोबरच होते. आरोपीच्या जागी बसलेली आत्या तिथूनच म्हणाली, “खरं तं सांगतलं त्यानं.” शिरस्तेदाराने तिला गप्प केले.

वकिलाने उभे राहून या शब्दाचे अर्थ सांगायला सुरुवात केली. मिरची सांगितली, ऊन सांगितले, भांडण लावणारी बाई सांगितली. मॅजिस्ट्रेट हसून म्हणाला, “वकीलसाहब, एक लफ्ज़ के इतने माने? हमारे यहाँ तो आग एक ही काम करती है.” कोर्टात थोडा हशा झाला. मग त्याने आत्यालाच विचारायचे ठरवले. प्रश्न तो हिंदीत करी आणि शिरस्तेदार मराठीत सांगे.

“तुम्हाला गावात काय म्हणतात?”

“आगलावी.”

“कशामुळे?”

वकिलाने तिला उत्तर पढवून ठेवले होते: मी भांडखोर आहे म्हणून. ते सांगायची तिला लाज वाटली असावी. निदान वकिलाने नंतर तसे कारण दिले. ती सरळ बसली आणि तिने पदर नीट केला.

“मीच लावतो न साहेब. साऱ्या गावाची मीच लावतो. लग्न असो, तेरवी असो. दुसऱ्याच्या हातानं लागत नाही तशी. माह्या हातानं एका फुंकीत लागते.”

शिरस्तेदाराने तिच्या बोलण्याचे भाषांतर केले. ‘साऱ्या गावाची मीच लावते,’ एवढा भाग त्याने केला. लग्न आणि तेरवी त्याने सांगितले की नाही यावर वकील आणि शिरस्तेदार यांच्यात वाद झाला. मॅजिस्ट्रेटने पुन्हा विचारले, तिने पुन्हा तेच सांगितले, या वेळी चुलीसह. तोपर्यंत कोर्टात बसलेल्या आमच्या गावच्या लोकांनी पहिले वाक्य ऐकले होते.

पंधरवड्याने निकाल झाला. आत्याला सोडून दिले. प्रत्यक्ष पाहणारा साक्षीदार नाही, आग अपघाताने लागली असण्याची शक्यता आहे, असे कारण दिले होते. त्याच निकालात असेही एक वाक्य होते की, आरोपीचा आग लावणारी म्हणून गावात लौकिक आहे आणि तिने तो नाकारलेला नाही, परंतु लौकिक हा पुरावा होत नाही. वकिलाच्या मते हे वाक्य निरुपद्रवी होते आणि कायद्याने तसे ते होतेही.

गावात ते आमच्याआधी पोचले. दमणी वेशीत शिरली तेव्हा पारावर बोलणे चालू होते.

“सुटली म्हनते.”

“सुटली, पन कोर्टानं ठप्पा मारला न बे. आगलावी हाये म्हनून सरकारनंच लिहून देल्लं.”

“मंग आपन आजलोक खोटं म्हनत होतो का?”

या वेळी कोणी हसले नाही. तो शब्द पूर्वी तिच्या तोंडावर म्हणत. त्या दिवसापासून तो तिच्या तोंडावर म्हणायचे बंद झाले. मला तेव्हा ते बरे लक्षण वाटले होते.

ज्यांचा कडबा गेला होता त्यांच्या बैलांना उन्हाळा काढायचा होता. काहींनी बैल पाहुण्यांकडे नेऊन बांधले, काहींनी बाजारात काढले. वैशाखाच्या सुरुवातीला चार वडीलधारे आमच्या घरी आले. त्यांनी आवाज चढवला नाही. बहीण आहे, घरात ठेवा, असे ते म्हणाले. पण चुलीपाशी नको. इस्तो आणायला नको, न्यायला नको. दिवाही दुसऱ्या कोणी लावावा. पेरणीला सावड लागते, बैल लागतात, एकमेकांची माणसे लागतात. हे त्यांनी बोलून दाखवले नाही. वडिलांनी हो म्हटले.

ते गेल्यावर वडील माजघरात गेले.

“बाई, थोडे दिवस. लोकायचा राग उतरू दे.”

“मंग मी करू काय, भाऊ?”

“बसाचं. आजलोक लय केलं.”

“तू देल्लेली भाकर खाऊन बसाचं?”

“माही बहीण हायेस तू.”

“बहीण तं आधीबी होतो,” आत्या म्हणाली. “पन माह्या हाताले काम होतं.”

आईने तिला तूर निवडायला दिली, वाती वळायला दिल्या. ती कंदिलाची काच पुसून ठेवी आणि लावायची वेळ झाली की उठून बाहेर जाई. शेजारची सासू, जिने पहिल्यांदा इस्तो बंद केला होता, ती एकदा येऊन म्हणाली, “माह्यामुयं झालं का हो हे, बाई?” आत्या म्हणाली, “नाही व. माह्या तोंडामुयं.” त्यानंतर ती इकडचे तिकडे काही सांगत नसे. कोणी बातमी आणली तर ऐकून घेई आणि तिथेच ठेवी.

त्या वैशाखात आमच्या आळीत एक लग्न होते, त्यासाठी मी घरी आलो होतो. सकाळी आत्याने अंघोळ केली, धुतलेले लुगडे नेसली, फुंकणी मांडीवर घेतली आणि दाराशी बसली. तिला कोणी काही सांगितले नव्हते. समोरच्या मांडवात चर खोदून झाला होता आणि पऱ्हाट्या येऊन पडल्या होत्या. आम्हाला सगळे ऐकू येत होते. कोणीतरी नवखी बाई सवयीने ओरडली, “अव, आगलावीले—” आणि दुसऱ्या आवाजाने तिला दाबले. मग चुली पेटवल्या गेल्या. धूर बराच झाला. तो आमच्या ओट्यापर्यंत आला तेव्हा आत्या उठून आत गेली. आईने तिचे ताट वाढले. तिने मीठ मागितले आणि जेवली नाही.

पावसाळा संपता संपता तिने लोणारला जायचे काढले. तिथे झऱ्याच्या धारेजवळ धर्मशाळेत निराधार बाया राहत, झाडलोट करीत, यात्रेकरू देतील ते खात. वडिलांनी विरोध केला, पण फार नाही. ते स्वतः तिला दमणीतून सोडून आले.

मी दिवाळीत तिला भेटायला गेलो. ती वाळली होती. मला पाहून उठली, घरच्या गाईबद्दल विचारले, वडिलांच्या गुडघ्याबद्दल विचारले. गावातल्या कोणाबद्दल विचारले नाही.

“घरी चाल, आत्या,” मी म्हणालो.

“येऊन करू काय?”

“बाबा वाट पाहून राह्यले.”

“पाहू दे. वाट पाह्यली तं बरं असते. तिथं गेलो तं मले रोज पाहा लागन त्याले.”

आम्ही बोलत होतो तेव्हा पलीकडे वाशीमकडच्या यात्रेकरूंच्या बाया तीन दगडांची चूल मांडत होत्या. रात्री पाऊस पडून गेला होता, लाकडे ओली होती, नुसता धूर होत होता. त्यांतली एक आमच्याकडे आली.

“आजी, तुमाले येते का व चूल पेटवता? धरूनच नाही राह्यली.”

आत्याने त्या चुलीकडे पाहिले. लाकडे उलटी रचली होती, जाड खाली आणि बारीक वर. मला ते दिसले म्हणजे तिलाही दिसले असणारच.

“नाही व माय,” ती म्हणाली. “मले नाही येत.”

मी अकोल्याला परतलो. माघात वडिलांचे पत्र आले, ती धर्मशाळेत नाही. मी रजा घेऊन लोणारला गेलो. तिथल्या बायांनी सांगितले की ती मंठ्याच्या बाजूने आलेल्या एका जथ्याबरोबर गेली. कुठे, हे तिने सांगितले नव्हते. एकीच्या मते पैठणला, दुसरीच्या मते परभणीकडे. वडील मंठ्यापर्यंत चालत गेले, पुढे जालन्यापर्यंत गेले. तो जथा त्यांना सापडला नाही. तिच्या सासरी विचारले. तिथे ती गेली नव्हती.

मंठ्याच्या रस्त्यावर निजामाच्या हद्दीत जकातीचे नाके होते. पुढच्या खेपेला मी तिथे गेलो. नाक्यावरच्या शिपायाला तो जथा आठवत होता. सगळ्यांत मागे एक वाळलेली म्हातारी होती, डाव्या डोळ्यात मोतीबिंदू, असे त्याने मी न विचारता सांगितले. त्याने तिचे गाठोडे सोडून पाहिले होते. आत एक लुगडे, एक गोधडी आणि पितळी तांब्या होता. जकात लावण्यासारखे काही निघाले नाही, म्हणून त्याने तिला जाऊ दिले.